सोबत कोण आहे, हे आधी विचारावे

पालक-सभेत आजकाल एक विषय हमखास निघतो. मुले अभ्यास सोडून कॉम्प्युटरवर आणि मोबाइलवर खेळत बसतात, तेव्हा शाळेने काही तरी करावे, असे पालक म्हणतात. विश्वस्त मंडळातील काही ज्येष्ठ सदस्यांनी तर असे सुचविले आहे की, हे सर्व ऑनलाइन खेळ घरोघरी बंद करावेत, अशी सूचना शाळेनेच काढावी. या सूचनेमागील कळकळ आम्ही जाणतो. तरी पण ती काढण्याआधी मुले या खेळात करतात काय, आणि कोणाबरोबर व कशी खेळायला बसतात, हे आपण मोठ्यांनी समजून घेतले पाहिजे, असे आमचे मत आहे. त्यासाठी हा लेखप्रपंच.

घरात मुलाला बहुधा एकच प्रश्न विचारला जातो, "किती वेळ झाला खेळतोयस?" वेळेचे महत्त्व आम्ही नाकारत नाही. चीनने २०२१ साली १८ वर्षांखालील मुलांना शुक्रवार, शनिवार, रविवार आणि सुट्टीच्या दिवशी रात्री ८ ते ९ एवढा एकच तास ऑनलाइन खेळण्याची मुभा ठेवली. पण त्या एका तासात मूल कोणाच्या संगतीत होते, हे घड्याळ पाहून कळत नाही. मूल संध्याकाळी बाहेर निघाले की आपण आधी "कोणाकडे चाललास?" असे विचारतो आणि मग "कधी येशील?" असे विचारतो. ऑनलाइन खेळाच्या बाबतीत मात्र पहिला प्रश्न आपण विचारीतच नाही.

आमच्या शाळेत पाचवीपासून आठवीपर्यंतच्या मुलांच्या तोंडी ज्या खेळाचे नाव सर्वांत जास्त असते, तो माइनक्राफ्ट. मार्कुस पेर्सन या स्वीडिश प्रोग्रॅमरने तयार केलेला हा खेळ २००९ साली लोकांसमोर आला आणि नोव्हेंबर २०११ मध्ये पूर्ण स्वरूपात प्रसिद्ध झाला. २०१४ साली मायक्रोसॉफ्टने त्याची कंपनी अडीच अब्ज डॉलरला विकत घेण्याचा करार केला. २०२३ पर्यंत या खेळाच्या ३० कोटींहून अधिक प्रती विकल्या गेल्या होत्या. अशा खेळांना ओपन वर्ल्ड म्हणतात. म्हणजे त्यात ठरलेली वाट नसते. समोर विस्तीर्ण जग असते आणि खेळणाऱ्याने हवे तिकडे जावे, हवे ते करावे. माइनक्राफ्टमधील सारे जग चौकोनी ठोकळ्यांचे. झाड तोडून लाकूड घ्यायचे, जमीन खणून दगड व लोखंड काढायचे, रात्र व्हायच्या आत घर बांधायचे. तिथला दिवस आणि रात्र मिळून आपल्या २० मिनिटांत संपतात. एकट्याने खेळता येते, पण खरी गंमत चार जणांनी मिळून बांधण्यात आहे, असे मुले सांगतात.

आता चार जण एकत्र येतात कसे? या सोबत खेळण्याला मुले सेशन म्हणतात. सेशनमध्ये शिरण्याची मुख्यतः चार दारे आहेत, आणि प्रत्येक दाराबाहेर कोण उभे असेल, हे निरनिराळे आहे. पालकांनी ही चार दारे ओळखली तरी पुष्कळ झाले.

पहिले दार घरातले. एकाच वायफायवर असलेली मुले कंपनीच्या कोणत्याही सर्व्हरवर न जाता एकाच जगात खेळू शकतात. याला लॅन म्हणतात. भाऊ-बहीण किंवा घरी आलेला मित्र, एवढेच आत येतात. दुसरे दार मित्राच्या जगाचे. एक मुलगा आपले जग उघडतो आणि त्याच्या मित्र-यादीतील मुले त्यात येतात. तो उठून गेला की जग सर्वांसाठी बंद होते. इथे एक गोष्ट तपासण्यासारखी आहे. जग फक्त बोलावलेल्यांसाठी आहे, सर्व मित्रांसाठी आहे की मित्रांच्या मित्रांसाठी आहे, हे मालकाला ठरविता येते. मित्राचा मित्र म्हणजे आपल्या दृष्टीने अनोळखीच.

तिसरे दार रेल्म्सचे. दरमहा पैसे भरून कंपनीकडून घेतलेली ही जागा असते. मालकाखेरीज एका वेळी १० जणांपर्यंत तिथे खेळू शकतात आणि मालक नसतानाही ते जग चालू राहते. येणारे निमंत्रितच असतात. पण काही वेळा निमंत्रणाची लिंक पाठविता येते, आणि ती लिंक एकाने दुसऱ्या ग्रुपवर टाकली की निमंत्रणाला अर्थ राहत नाही. चौथे दार सार्वजनिक सर्व्हरचे. पत्ता टाकला किंवा यादीतून निवडला की मूल थेट आत. तिथे देशोदेशीचे शेकडो, कधी हजारो लोक असतात. हे सर्व्हर बहुधा दुसऱ्या संस्था किंवा व्यक्ती चालवितात आणि प्रत्येकाचे नियम वेगळे. काहींवर चांगली देखरेख असते, काहींवर मुळीच नसते.

अनंत चतुर्दशीच्या रात्री आपण इंदूरकर मुलांना झांक्या पाहायला नेतोच ना? गर्दी आहे म्हणून कोणी घरी बसवीत नाही. पण लहानाचा हात धरतो, आणि चुकामूक झाली तर कुठे उभे राहायचे ते आधी सांगून ठेवतो. चौथ्या दाराचेही तसेच. ते वाईट नाही, पण दहा वर्षांच्या मुलाने एकट्याने जाण्याचे ते ठिकाण नव्हे. पहिल्या दारापासून सुरुवात व्हावी, दुसरे-तिसरे समजून-उमजून उघडावे आणि चौथ्याजवळ मोठे माणूस बरोबर असावे, हा क्रम आम्हाला योग्य वाटतो.

इथे पालकांना एक गोष्ट स्पष्टपणे सांगणे आम्ही आमचे कर्तव्य समजतो. मायक्रोसॉफ्टच्या खात्यावर मुलाची खरी जन्मतारीख टाकली, तर ते बालखाते होते, आणि इतरांबरोबर खेळण्याची वाट पालकांनी आपल्या खात्यातून अनुमती दिल्यावाचून उघडत नाही. मूल तक्रार करते की, "सगळे खेळतात, माझेच चालत नाही." मग घाईघाईत मुलाचे वय २२ किंवा २५ लिहून नवे खाते काढून दिले जाते. खेळ सुरू होतो, घरात शांतता होते. पण दाराला जी कडी होती, ती आपल्याच हाताने काढून टाकलेली असते. त्यानंतर तो खेळ आपल्या मुलाला मोठा माणूस समजूनच वागवितो. भारताच्या २०२३ च्या वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्यातही १८ वर्षांखालील मुलाच्या माहितीसाठी पालकांची खात्रीलायक संमती घ्यावी, असे म्हटले आहे. खोट्या जन्मतारखेपुढे कायदाही काय करणार? शिवाय आपण शाळेत सत्याचे धडे देतो आणि घरी पहिले खोटे मुलाच्या देखत लिहितो, याचाही विचार व्हावा.

सर्व खेळ एका मापाने मोजू नयेत, हेही सांगितले पाहिजे. आठवी-नववीतील काही मुले ग्रँड थेफ्ट ऑटोचा ऑनलाइन खेळ खेळतात, असे कानावर येते. ऑक्टोबर २०१३ मध्ये सुरू झालेल्या या खेळात एका सेशनमध्ये ३० जण येऊ शकतात. उघड्या सेशनमध्ये कोणीही कोणाला मारावे, कोणाचा माल उडवून द्यावा, अशी रीत आहे. युरोपात तो १८ वर्षांवरील व्यक्तींसाठी आणि अमेरिकेत १७ वर्षांवरील व्यक्तींसाठी ठरविलेला आहे. शाळकरी मुलांनी तो खेळू नये, याविषयी आमच्या मनात शंका नाही. पण त्यातली एक गोष्ट विचार करण्याजोगी आहे. अनोळखी लोकांच्या उपद्रवाला मोठी माणसेही कंटाळली होती. जुलै २०२२ मध्ये कंपनीने खेळातील धंद्याची कामे फक्त निमंत्रितांच्या सेशनमध्येही करता येतील अशी सोय केली, तेव्हा पुष्कळांनी ती आनंदाने स्वीकारली. मोठ्यांना जर बंद दाराची गरज वाटते, तर मुलांना ती नको का?

सरसकट बंदी का नको, याचे आमचे एक कारण असे. आमच्या शाळेतील मुले घरी आजीशी मराठी बोलतात आणि गल्लीत उतरली की हिंदी. मावसभाऊ पुण्याला, आत्येबहीण नागपूरला. भेट होते ती लग्न-मुंजीत. आता हीच भावंडे रविवारी एका जगात घर बांधतात. माइनक्राफ्टमध्ये बोलण्याची सोय मुळात नसल्यामुळे फोन स्पीकरवर ठेवलेला असतो आणि "अरे, तिकडून भिंत घे", "आधी पाया खण", "दार लाव, रात्र झाली" असे चाललेले असते. आमच्या मराठीच्या तासाला जी क्रियापदे मुलांच्या तोंडी बसविण्यास आम्हाला आठवडा लागतो, ती तिथे आपोआप येतात. महाराष्ट्राबाहेर पिढ्यान्‌पिढ्या राहून आपण भाषा टिकवली, ती बोलायला माणूस मिळाले म्हणून. असे माणूस मुलाला खेळात मिळत असेल, तर सूचना काढून आपण काय बंद करणार आहोत, हे विश्वस्तांनी पाहावे, अशी नम्र विनंती आहे.

आणि हा खेळ केवळ करमणुकीचा राहिलेला नाही. २०१२ साली संयुक्त राष्ट्रांच्या यूएन-हॅबिटॅट या संस्थेने मोजांग कंपनीबरोबर ब्लॉक बाय ब्लॉक हा प्रकल्प सुरू केला. त्यात वस्तीतील सामान्य लोक माइनक्राफ्टमध्ये एकत्र बसून आपल्या सार्वजनिक जागेचा आराखडा तयार करतात. शाळांसाठी या खेळाची वेगळी आवृत्ती २०१६ पासून उपलब्ध आहे. तीत शिक्षक जग उघडतात आणि चार चित्रांची एक खूण फळ्यावर दाखवितात. ती चित्रे त्याच क्रमाने निवडली की विद्यार्थी आत येतो.

म्हणून आमचा प्रस्ताव असा आहे. शनिवारी शाळा सुटल्यावर कॉम्प्युटर-कक्ष सहावी ते आठवीच्या मुला-मुलींसाठी एक तास उघडा ठेवावा. एक शिक्षक हजर राहतील, आणि शाळेबाहेरचे कोणी त्या जगात येणार नाही. पहिले काम म्हणून मुलांनी आपला राजवाडा बांधावा. सात मजल्यांचा हा वाडा, खालचे तीन मजले दगडी आणि वरचे चार लाकडी. ठोकळ्यांनी बांधायचा तर आधी तो नीट पाहावा लागेल, खिडक्या मोजाव्या लागतील, गणित करावे लागेल आणि कोणी काय बांधायचे हे आपसात ठरवावे लागेल. यासाठी लागणारा खर्च विश्वस्त मंडळापुढे स्वतंत्रपणे ठेवू. काही सदस्य म्हणतील, शाळेत आता खेळ शिकवायचे का? आम्ही म्हणतो, कोणत्या दाराने जावे आणि कोणत्या दारापाशी थांबावे, हे शिकवायचे आहे. ते शिक्षण देखरेखीखाली झालेले बरे. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने ऑनलाइन खेळांविषयीचा कायदा केला, त्यातही पैसे लावण्याच्या खेळांवर बंदी घातली आणि ई-स्पोर्ट्स व सामाजिक खेळ त्यापासून वेगळे ठेवले. कायदा जो विवेक करतो, तो आपणही घरात करावा.

विद्यार्थी मित्रांनो, आता तुमच्यासाठी थोडेसे. खेळात आपले खरे नाव, शाळा, फोन नंबर आणि फोटो देऊ नका. खेळात ओळख झालेला कोणी "दुसऱ्या अ‍ॅपवर ये, तिथे बोलू" किंवा "घरी सांगू नकोस" असे म्हणाला, तर तिथेच खेळ थांबवा आणि आई-बाबांना सांगा. आपला पासवर्ड जिवलग मित्रालाही देऊ नका. घरी सांगण्याची भीती वाटली, तर आमच्या खोलीचे दार उघडे आहे. आणि १०९८ ही मुलांच्या मदतीची सेवाही आहे. सांगणाऱ्याला शिक्षा होणार नाही, हा आमचा शब्द.

पालकांना एवढीच विनंती की, या रविवारी अर्धा तास मुलाच्या शेजारी बसावे. त्याने काय बांधले ते त्यालाच दाखवायला सांगावे. मित्र-यादीतील एकेका नावावर बोट ठेवून "हा कोण? आपण याला कुठे भेटलो?" असे सहज विचारावे. ज्या नावाला उत्तर मिळणार नाही, ते दोघांनी मिळून काढून टाकावे. आणि खात्यावर जन्मतारीख खोटी असेल, तर ती त्याच बैठकीत दुरुस्त करावी किंवा नवे खाते काढावे. शनिवारच्या उपक्रमाविषयी आपले अनुकूल-प्रतिकूल मत पुढील पालक-सभेत अवश्य मांडावे. आम्ही सर्वांचे ऐकून घेऊ आणि मगच विश्वस्त मंडळापुढे जाऊ.