धागा : ‘निस्तार’ म्हणजे काय?

१/
ऑक्सफर्डच्या बृहद् इंग्रजी कोशात काही शब्दांच्या आधी खंजिराच्या आकाराची एक बारीक खूण असते. हा शब्द आता कोणी वापरत नाही, असा तिचा अर्थ. खूण लागली म्हणून तो शब्द कोशातून काढून मात्र टाकला जात नाही. अशा मृत इंग्रजी शब्दांच्या याद्या समाजमाध्यमांवर मोठ्या आवडीने फिरतात. आज मी आपल्याकडच्या, म्हणजे जुन्या नागपूर प्रांतातल्या, अशाच काही शब्दांविषयी लिहिते आहे. माझे मत आरंभीच सांगून टाकते : बोलण्यातून शब्द गेला तरी त्या शब्दात नोंदवलेला हक्क जात नाही. तो जातो, त्या शब्दाचा अर्थ गावात कोणालाच लावता येईनासा होतो तेव्हा.

२/
निमित्त एका छायाचित्राचे. भंडारा जिल्ह्यातल्या एका मित्राने आजोबांच्या ट्रंकेत सापडलेल्या कागदाचा फोटो मला पाठवला. कागद देवनागरीत होता, अक्षर सुवाच्य होते, तरीही त्याला तो ‘वाचता’ येत नव्हता. ‘निस्तार’ हा शब्द पाहून त्याने हिंदीतल्या ‘निस्तारण’वरून अर्थ लावला होता : प्रकरण निकाली निघाले, कागद निकामी. तो फोटो त्याच्या आजीला दाखव, असे मी सुचवले. आजीला वाचता येत नाही, म्हणून त्याने तो शब्द मोठ्याने उच्चारला. ती लगेच म्हणाली, “निस्ताराचे लाकडं आनाले आमी त्याच जंगलात जावो ना!” पदवीधर नातवाला बंद असलेला शब्द निरक्षर आजीने एका वाक्यात उघडला.

३/
निस्तार हा शब्द मूळचा संस्कृत : पार पडणे, तरून जाणे. मराठीत त्याचे क्रियापद आजही धडधाकट आहे. “घोळ तू घातलास, आता तूच निस्तर,” असे आपण रोज म्हणतो. त्याचे नाम मात्र आपल्या भागातल्या महसुली दप्तरात जाऊन बसले आणि तिथे त्याला नेमका अर्थ मिळाला : गावकऱ्याचे रोजचे जगणे पार पडावे यासाठी गावाच्या रानातून, पडीक जमिनीतून, पाण्यातून जे घ्यावे लागते ते. चुलीला सरपण, नांगराला लाकूड, गुरांना चराई, घर लिंपायला माती. ही कोणाची मेहेरबानी नव्हती. ती गावाची वहिवाट होती.

४/
हा शब्द केवळ आठवणीत उरलेला नाही. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ याचे कलम १६१ उघडून पाहा. गावातील भोगवट्यात नसलेल्या जमिनींच्या व्यवस्थेसाठी जिल्हाधिकाऱ्याने ‘निस्तार पत्रक’ तयार करावे, त्याचा मसुदा गावात प्रसिद्ध करावा, रहिवाशांची इच्छा जाणून घेऊन तो कायम करावा, असे तिथे म्हटले आहे. गुरे कोणत्या अटींवर चारायची, लाकूड आणि जळण किती घ्यायचे, मुरूम, कंकर, वाळू, माती, दगड कसे न्यायचे, हे सारे त्यात यायचे असते. ग्रामपंचायतीच्या मागणीवरून त्यातली नोंद बदलताही येते. पण जो शब्दच ठाऊक नाही, त्याची मागणी कोण करणार?

५/
त्याच कायद्यात कलम १६५ आहे. तिथला शब्द आणखी परका वाटेल : ‘वाजिब-उल-अर्ज’. ‘वाजिब’ म्हणजे योग्य, रास्त. ‘अर्ज’ म्हणजे निवेदन. जे मांडणे रास्त आहे ते, असा अर्थ. सरकारच्या ताब्यात नसलेल्या जमिनीवरून किंवा पाण्यातून गावाच्या रूढीने चालत आलेले हक्क यात लिहिले जातात : कोणाच्या तलावाचे पाणी कोणत्या शेतांना, कोणाच्या बांधावरून कोणाची वाट, मासे धरायचे कोणी. आपण ज्याला ‘पूर्वापार चालत आलंय’ म्हणतो, त्याची ही लेखी बाजू. शेतातली वाट अडवली म्हणून दोन भाऊबंद तालुक्याला खेटे घालतात, तेव्हा गावाच्या वाजिब-उल-अर्जात काय लिहिले आहे, हे त्यांच्यापैकी किती जण विचारतात?

६/
हे शब्द आपल्याच भागात इतके दाट का? त्याचे उत्तर नागपूरच्या इतिहासात आहे. १८५३ च्या डिसेंबरात तिसरे रघुजी भोसले वारले आणि पुढच्या वर्षी कंपनीने त्यांचे राज्य खालसा केले. १८६१ साली मध्य प्रांत निर्माण झाला. त्यानंतरच्या जमाबंदीत इथे मालगुजारी पद्धत रुजवली गेली. वर्धा नदीपलीकडच्या वऱ्हाडात मात्र रयतवारी आली. नदी एक, मराठी दोन्ही काठांवर, पण दप्तरांची भाषा वेगळी झाली. अमरावतीच्या आणि भंडाऱ्याच्या जुन्या कागदांत आजही हा फरक दिसतो.

७/
‘मालगुजार’ या शब्दाचाच प्रवास पाहा. माल म्हणजे महसूल, गुजार म्हणजे तो पोहोचवणारा. शब्दाच्या अर्थाने हा माणूस मालक ठरत नाही. तो गावाकडून वसूल करून सरकारात भरणारा. भोसल्यांच्या काळात गावचे पाटील आणि मक्तेदार हे काम करीत. इंग्रजांच्या जमाबंदीने त्यांनाच गावाचे मालकी हक्क दिले. शब्द तोच राहिला, आशय पालटला : पोहोचवणारा होता तो धनी झाला. इतिहासाच्या विद्यार्थ्याने जुना शब्द त्या-त्या तारखेच्या अर्थाने वाचावा, असे आमचे अध्यापक वारंवार सांगतात. १८४० चा मालगुजार आणि १८८० चा मालगुजार यांना एकच समजले, तर सारा इतिहास चुकतो.

८/
मालगुजारी संपली ती ३१ मार्च १९५१ रोजी. तेव्हा नागपूर ही मध्य प्रदेशाची राजधानी होती आणि त्या राज्याच्या १९५० च्या कायद्याने हे मालकी हक्क नाहीसे केले. गावोगावचे तलाव सरकारकडे आले. कागदावर ते ‘माजी मालगुजारी तलाव’ झाले, कारकुनी आखडलेपणाने ‘मा. मा. तलाव’, आणि लोकांच्या तोंडी सरळ ‘मामा तलाव’. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली इथल्या कित्येक मुलांना वाटते, हा कोणा मामाने बांधलेला तलाव असावा. मालगुजार गेला, ‘मालगुजार’ हा शब्दही गेला, पण त्याची आद्याक्षरे धानाच्या बांधीला अजून पाणी पाजत आहेत. यातले कित्येक तलाव मालगुजारीच्याही आधीचे. ते उभारणाऱ्या कोहळी समाजाचे नाव त्या दोन ‘मा’मध्ये कुठेच नाही, हेही लक्षात ठेवण्यासारखे.

९/
आता अधिक गंभीर उदाहरण : ‘झुडपी जंगल’. पूर्व विदर्भाच्या सहा जिल्ह्यांत, निकृष्ट जमिनीवरच्या खुरट्या झाडोऱ्याला महसुली नोंदीत हे नाव पडले. गावाची चराई आणि सरपण बहुधा तिथूनच येई. १२ डिसेंबर १९९६ रोजी गोदावर्मन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की ‘वन’ हा शब्द त्याच्या कोशातल्या अर्थाने घ्यावा. मग झुडपी जंगल हे वन की नव्हे? हा वाद तीन दशके चालला. २२ मे २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने झुडपी जंगल हे वनच असल्याचा निर्णय दिला. यात सुमारे ८६ हजार हेक्टर जमिनीचा प्रश्न गुंतलेला होता आणि त्यातल्या काही जमिनीवर तोवर वस्त्या, शाळा, कार्यालये उभी होती. निर्णय बरोबर की चूक, हा वेगळा विषय. मला एवढेच दाखवायचे आहे, की महसुली दप्तरातला एक शब्द आणि कोशातला एक अर्थ यांच्यामध्ये हजारो घरे उभी असू शकतात.

१०/
आणि आता वनहक्क कायदा, २००६. कलम ३(१)(ख) मध्ये सामुदायिक हक्कांचे उदाहरण म्हणून संसदेने कोणता शब्द वापरला? निस्तार. ‘त्याला कोणतेही नाव असो’ अशी पुस्तीही जोडली, आणि पूर्वीच्या संस्थानांतले, जमीनदारीतले हक्कही त्यात घेतले. याच कायद्याखाली २००९ साली गडचिरोली जिल्ह्यातल्या मेंढा (लेखा) या गावाला सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामुदायिक हक्क मिळाला. देशात अशी मान्यता मिळवणाऱ्या अगदी पहिल्या गावांत त्याची गणना होते. जे अनुसूचित जमातीत मोडत नाहीत, अशा वननिवासींना तर १३ डिसेंबर २००५ पूर्वीच्या तीन पिढ्यांचा, म्हणजे ७५ वर्षांचा रहिवास दाखवावा लागतो. ७५ वर्षे मागे गेलात की तुम्ही १९३० साली पोहोचता. तिथले कागद याच भाषेत बोलतात.

११/
इंग्लंडमध्येही हेच घडले. ‘एस्टोव्हर्स’ म्हणजे सामाईक रानातून जळण आणि डागडुजीचे लाकूड घेण्याचा हक्क. ‘टर्बरी’ म्हणजे जळणासाठी भूपृष्ठाचे गवताळ थर कापण्याचा हक्क. ‘पॅनेज’ म्हणजे ओकची पडलेली फळे खायला डुकरे रानात सोडण्याचा हक्क. यातला पॅनेज १२१७ च्या वनसनदेतही आहे. लंडनच्या रस्त्यावर विचारलेत तर शंभरातला एखादाच अर्थ सांगू शकेल. पण न्यू फॉरेस्टमध्ये दर शरदात डुकरे अजून सोडली जातात, कारण हिरवी ओकफळे तिथल्या तट्टांना बाधतात आणि डुकरांना मानवतात. इतरत्र १९६५ च्या कायद्याने सामाईक हक्कांची नोंदणी सक्तीची केली आणि मुदतीत न नोंदवलेले हक्क बुडाले. ज्यांना आपल्या हक्काचे नाव आठवत होते, त्यांनी तो नोंदवला.

१२/
यावर पहिला आक्षेप ठरलेला : हे फारसी-अरबी शब्द जपायचेच कशाला? शिवकाळात राज्यव्यवहारकोश रचला गेला तो अशा शब्दांना पर्याय देण्यासाठीच ना? होय, आणि तो उद्योग थोर होता. पण राज्यव्यवहारकोशाने पुढच्या कारभारासाठी शब्द दिले. मागचे कागद त्याने पुसले नाहीत, आणि ते पुसता येतही नाहीत. शिवाय पर्याय देणाऱ्याला जुना शब्द आधी नीट ठाऊक असावा लागतो. आपण आज जुना शब्द विसरलो आहोत आणि नवा घडवलेलाही नाही. याला भाषाशुद्धी म्हणत नाहीत. आणि ज्याच्यावर सारा धागा रचला आहे तो ‘निस्तार’ तर संस्कृतच आहे. तोही गेलाच की.

१३/
दुसरा आक्षेप अधिक भारी, आणि तो मला मान्य आहे. हे दप्तर निष्पाप नाही. वाजिब-उल-अर्ज लिहिला गेला तेव्हा जमाबंदीचा साहेब होता, कारकून होता, मालगुजार होता. गोंडी बोलणाऱ्या गावाची रूढी फारसी नावाच्या कागदात उतरताना किती गळली असेल, मोहफुले वेचणाऱ्या बाईला कोणी काही विचारले असेल का, हे प्रश्न रास्त आहेत. म्हणूनच या शब्दांविषयी हळवे होण्याची मला गरज वाटत नाही. मालगुजारी परत यावी असे कोणालाच वाटणार नाही. पण ज्या कागदाने काही गाळले, त्याच्याशी भांडायचे तरी आधी तो वाचता आला पाहिजे.

१४/
१८५५ साली, म्हणजे नागपूर खालसा झाल्यानंतर वर्षभराने, लंडनमध्ये एच. एच. विल्सन यांचा हिंदुस्थानातील न्याय व महसूल विषयक शब्दांचा जाडजूड कोश छापला गेला. कंपनीच्या अधिकाऱ्यांना जे दप्तर हाकायचे होते त्याची भाषा त्यांना समजत नव्हती, म्हणून तो हवा होता. आज तीच अडचण त्या दप्तरात ज्यांच्या पणजोबांची नावे आहेत त्यांना आली आहे. साहेबासाठी कोश झाला. गावासाठी कधी होणार?

१५/
माझ्या मागण्या साध्या आहेत. मोडी शिकवणारे वर्ग आता ठिकठिकाणी भरतात, ही आनंदाची गोष्ट. तिथे लिपीबरोबर महसुली शब्दही शिकवावेत, कारण अक्षर लागले तरी अर्थ लागत नाही, हे माझ्या मित्राच्या देवनागरी कागदाने दाखवलेच. इतिहासाच्या पदव्युत्तर अभ्यासक्रमात लढाया आणि तह यांच्या शेजारी निस्तार पत्रकालाही एक तासिका मिळावी. आणि ग्रामपंचायतीच्या भिंतीवर जिथे योजनांची यादी रंगवतात, तिथे गावाचे निस्तार पत्रक त्यातल्या शब्दांच्या अर्थासह लावावे. त्याला फार खर्च येत नाही.

१६/
आपण काय करू शकतो? या सुट्टीत गावी गेलात की घरातली जुनी ट्रंक उघडा. कागदांचे फोटो काढा, मूळ प्रत कोणाच्या हाती सोपवू नका. न कळलेला प्रत्येक शब्द घरातल्या सर्वांत वयस्कर माणसासमोर मोठ्याने उच्चारा आणि ते जे सांगतील ते त्यांच्याच बोलीत लिहून ठेवा. कोशांवर खंजिराची खूण छापली जाते, पण माणसे जाताना तसली खूण ठेवून जात नाहीत.

१७/
माझ्या मित्राने तो कागद आता प्लास्टिकच्या पाकिटात ठेवला आहे. आजीने त्याला जंगलाची वाटही सांगितली : नाल्यापासून टेकडीपर्यंत, मधे दोन मोहाची झाडे. कागदावरची हद्द आणि आजीच्या तोंडची हद्द जुळते का, हे पाहायला तो पुढच्या महिन्यात जाणार आहे. त्याचा निकाल काय लागेल, ते आज सांगता येत नाही. पण ‘निस्तार’ म्हणजे निकाली निघणे, असे तो आता समजत नाही.

धागा समाप्त. तुमच्या घरच्या कागदांतले न कळलेले शब्द खाली लिहा, जिल्हा अवश्य नमूद करा. एकत्र बसून अर्थ लावू.