घरात कासव?

पहूरला नातेवाइकांत बसलं की कुणीतरी विचारतंच, "घरात कासव ठेवलं की लक्ष्मी येते ना?" मी म्हणतो, देवळात गाभाऱ्यापुढे दगडी कासव आहे, त्याला नमस्कार करा, तेवढं पुरे!

मराठीत सगळ्यांनाच कासव म्हणतो, घोळ तिथेच होतो. आपल्या विहिरी-तळ्यांत असतं ते मऊ पाठीचं. मागचे पाय झाकायला त्याला पोटाखाली झडपा असतात आणि पाणी आटलं की ते चिखलात दडून बसतं. चोरून विकतात ते स्टार कासव. पाठीवर पिवळ्या चांदण्या, म्हणून लोक भुलतात. ते कोरड्या माळावरचं, गवत खाणारं. आणि हौशी मंडळी त्याला काचेच्या पेटीत, पाण्यात सोडतात! बुडून मरतं बिचारं. शिवाय दोन्ही पाळणं गुन्हाच. २०२२ च्या दुरुस्तीने स्टार कासवही वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत गेलंय.