पेटी मे महिन्यात उघडा

२०२३ च्या सप्टेंबरात निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती कामाला लागली आणि मराठवाड्यात घरोघरी जुन्या पेट्या उघडल्या गेल्या. आरक्षणासाठी लागणारी कुणबी नोंद शोधायची होती. हैदराबाद संस्थानातले उर्दू उतारे, खासरा पत्रक, आजोबांच्या शाळेचा निर्गम उतारा, मोडीतलं एखादं गहाणखत. आरक्षणाच्या वादात ज्याची जी बाजू असेल ती असो, कागदाची अवस्था मात्र सगळीकडे सारखीच होते. वर्षानुवर्षं बंद राहिलेल्या पेटीतला कागद एक तर हातात घेताच तुटतो, नाहीतर ओलीनं चार पानांची एक वडी झालेली असते.

ज्या लातूरला २०१६ साली मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं, तिथे ओलीची चिंता कोण करणार? म्हणून आपल्याकडे ती कुणी करतच नाही. पण जुलै-ऑगस्टात नांदेड असो की लातूर, झड लागली की पापड सादळतो, काडेपेटी पेटत नाही आणि कपाटातून कुबट वास येतो. हवेतली आर्द्रता सत्तर टक्क्यांच्या वर टिकून राहिली की बुरशीला रान मोकळं. मागोमाग कसर येते. त्यात पेटी बहुधा पलंगाखाली, बाहेरच्या भिंतीला टेकून, थेट फरशीवर ठेवलेली असते. म्हणजे घरातल्या सगळ्यात ओलसर जागी.

आता ओल शोषणारे डबे आणि पुड्या दुकानात सहज मिळतात. वीज लागत नाही, आवाज नाही, त्यामुळे लोक हौसेनं आणतात आणि चुकीच्या जागी ठेवतात. लातूरच्या ट्यूशन एरियात दहा बाय दहाच्या खोलीत दोघं-तिघं मुलं राहतात, धुतलेले कपडे आतच दोरीवर टाकतात आणि कोपऱ्यात एक डबा ठेवतात. हिशोब करून पाहा. पावसाळ्यात एवढ्या खोलीच्या हवेत साधारण सहाशे-सातशे ग्रॅम पाणी वाफेच्या रूपात असतं, ओले कपडे त्यात लिटर-दोन लिटरची भर घालतात आणि दाराच्या फटीतून नवी दमट हवा येतच राहते. पाव किलोच्या डब्यानं तिथे काय करावं? त्या मुलांना उपयोग खिडकीचा आणि पंख्याचा. डब्याची जागा बंद कपाटात, बंद पेटीत. दार नीट लागत नसेल तर आधी फटीला रबराची पट्टी लावा.

डब्यात काय आहे, हेही बघून घ्यावं. पांढरे खडे असून खाली पाणी साचत असेल तर ते कॅल्शियम क्लोराईड. हे आपल्या वजनाहूनही जास्त पाणी ओढतं, कपड्यांच्या कपाटात उत्तम काम देतं. पण साचलेलं खारट पाणी लोखंडाला गंजवतं, चामडं खराब करतं. डबा कलंडला तर कागदपत्रांचं वाटोळं. म्हणून कागदांच्या पेटीत ते नकोच. तिथे सिलिका जेल. ते ओलं होत नाही, सांडत नाही, आणि तापवून पुन्हा वापरता येतं. रंग बदलणारे दाणे घ्यायचे तर निळे टाळून नारिंगी घ्या. निळ्यांत कोबाल्टचा क्षार असतो आणि तो विषारी आहे. जेल तापवायला स्वयंपाकाची कढई वापरू नये. डांबराच्या गोळ्या ओल शोषत नाहीत. मीठ हवेतली आर्द्रता पंचाहत्तरच्या पुढे गेली तरच पाणी धरतं. कळीचा चुना ओल ओढतो खरा, पण फुलतो, त्याची पूड उडते आणि पाणी लागलं तर भाजतो. लेकरं असलेल्या घरात तो नको.

माझं खरं सांगणं पुढे आहे. दोन-अडीच फुटी ट्रंकेतल्या हवेत जेमतेम दोन-तीन ग्रॅम पाणी असतं. पण कागद स्वतःच पाणी धरून बसतो. दमट दिवसांत दहा किलो कागदांत, कोरड्या दिवसांपेक्षा तीन-चारशे ग्रॅम पाणी जास्त असू शकतं. ऑगस्टमध्ये ओले कागद पेटीत भरून वर चार पुड्या टाकल्या, तर त्या पुड्या पहिल्या आठवड्यातच दमतील. सिलिका जेल राखण करतं, वाळवण करत नाही.

वाळवणासाठी आपल्याकडे मे महिना आहे. नांदेड-लातूरच्या मेमध्ये दुपारची हवा इतकी कोरडी असते की मुंबई-कोकणातल्या माणसानं हेवा करावा. गच्चीवर कुरडया-पापड्या वाळतात, वर्षाचे गहू ऊन खातात, त्याच आठवड्यात पेटीही उघडा. कागद उन्हात नको, शाई उडते. घरात सावलीला, सुटे करून दोन-तीन दुपारी पसरा. पेटी मात्र खुशाल उन्हात तापू द्या. मग कागद जाड कापडात किंवा साध्या कोऱ्या कागदात बांधून, अर्धा किलो सिलिका जेल कापडी पिशवीत घालून, मृग लागायच्या आत झाकण बंद. पेटीखाली दोन विटा, भिंतीपासून वीतभर अंतर. पावसाळ्यात उगाच उघडायची नाही. प्रवेशाला लागणाऱ्या कागदांची वेगळी फाईल बाहेर ठेवावी, म्हणजे एका टीसीसाठी सगळी पेटी सादळणार नाही.

आणि कृपा करून जुने दस्त लॅमिनेट करू नका. आत राहिलेली ओल कायमची कोंडते आणि ते प्लास्टिक कागद न फाटता निघत नाही.

२०२५ च्या ऑगस्टमध्ये मुखेड तालुक्यात गावांत पाणी शिरलं, तेव्हा कपडे-धान्यासोबत कागदही भिजले. अशा भिजलेल्या कागदांवर कोणतंही जेल चालत नाही. ते एकमेकांपासून ओढून सोडवू नयेत, इस्त्री फिरवू नये. आधी त्यांचे फोटो काढावेत, मग पानांमध्ये कोरे शोषक कागद घालून, ते बदलत, पंख्याच्या मंद वाऱ्यावर सावलीत ठेवावेत. दोन दिवसांत बुरशी धरते, तेव्हा भांड्याकुंड्यांच्या आधी हात या गठ्ठ्याला लागला पाहिजे.