दावा चालू असताना गहाण जागा घेतली, तर हातात काय उरतं?

हुबळी : "बाजारभावापेक्षा स्वस्त आहे, कागद तेवढे बँकेत आहेत, पैसे भरले की सुटतील." विद्यानगर असो, केशवापूर असो की धारवाडचं सप्तापूर, जागा बघायला गेलं की हे वाक्य कानावर येतंच. त्या जागेवर बँकेचा किंवा सावकाराचा दावा चालू आहे, हे मात्र बऱ्याचदा खरेदीखत झाल्यावर कळतं. मग प्रश्न पडतो : आपला हक्क किती?

१८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यातलं कलम ५२ इथे लागू होतं. ज्या जागेच्या हक्कावर कोर्टात वाद चालू आहे, ती कोर्टाच्या परवानगीशिवाय विकली तर खरेदी आपोआप रद्द होत नाही. पण घेणाऱ्याला निकाल जसाच्या तसा लागू होतो. विकणारा हरला की घेणाराही हरला. "मला माहीतच नव्हतं" ही सबब चालत नाही. पुढे डिक्रीप्रमाणे ताबा द्यायची वेळ आली, तर अशा खरेदीदाराला त्यात आडवंही येता येत नाही.

याचं ताजं उदाहरण नवी मुंबईतलं आहे. २०२३ मध्ये युनियन बँकेने बाफना मोटर्सची गहाण जागा लिलावात काढली. सेलिर एलएलपी या कंपनीची १०५.०५ कोटींची बोली मान्य झाली. त्यानंतर कर्जदार मुंबई उच्च न्यायालयात गेला आणि १२९ कोटी भरून गहाण सोडवायची परवानगी त्याने मिळवली. ऑगस्ट संपायच्या आत त्याने जागा तिसऱ्याच कंपनीला दिलीही. २१ सप्टेंबर २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयाचा आदेश रद्द केला. डिसेंबर २०२४ च्या निकालात त्या तिसऱ्या कंपनीचा व्यवहारही टिकला नाही. एवढ्या मोठ्या कंपनीची ही गत, तर आपल्यासारख्यांनी काय समजायचं ते समजावं.

मग हक्क कोणते?

पहिला आणि सगळ्यात मोठा हक्क गहाण सोडवण्याचा. कलम ९१ प्रमाणे गहाण जागेत ज्याचा हितसंबंध आहे, तो थकबाकी भरून ती सोडवू शकतो. खरेदीदारही त्यात येतो. पण या हक्काला मुदत आहे. दिवाणी कोर्टामार्फत लिलाव झाला, तर विक्री कायम होईपर्यंत डिक्रीची रक्कम आणि वर बोलीच्या रकमेच्या पाच टक्के भरून जागा वाचवता येते. बँक सरफेसी कायद्याने वसुली करत असेल, तर २०१६ च्या दुरुस्तीनंतर लिलावाची नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच वेळ मिळतो. बँकेची साठ दिवसांची नोटीस आल्यावर कर्जदाराला बँकेच्या लेखी संमतीशिवाय जागा विकायचीही मुभा नाही. अशी जागा घेणाऱ्याचा पाया मुळातच कच्चा असतो.

दुसरा हक्क, दाव्यात सामील होण्याचा. त्यासाठी कोर्टाकडे अर्ज करता येतो. विकणारा पैसे घेऊन मोकळा झाला की दावा लढण्यात त्याला रस उरत नाही, म्हणून हा अर्ज वेळेत देणं महत्त्वाचं.

तिसरा हक्क विकणाऱ्याविरुद्धचा. 'बोजाविरहित' म्हणून जागा विकली आणि बोजा निघाला, तर तेवढी रक्कम किमतीतून राखून ठेवून थेट गहाणदाराला देता येते. पण सगळे पैसे आधीच देऊन बसलात, तर वसुलीसाठी वेगळा दावा आणि वर्षानुवर्षांच्या तारखा.

सीमेपलीकडचा फरक

महाराष्ट्रातून इकडे जागा घेणाऱ्यांची इथे गफलत होते. तिकडे १९३९ च्या मुंबई दुरुस्तीमुळे चालू दाव्याची नोटीस सब-रजिस्ट्रारकडे नोंदवायची सोय आहे. तेव्हा धारवाड जिल्हाही मुंबई इलाख्यातच होता. घेणाऱ्याला दाव्याचा पत्ताच लागत नाही, त्यातून त्याचं नुकसान होतं, हे टी. जी. अशोककुमार खटल्यात २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही मान्य केलं. महाराष्ट्र-गुजरातसारखी नोंद देशभर व्हावी, अशी अपेक्षा न्यायालयाने व्यक्त केली. पण कर्नाटकात कोरी ईसी हातात आली म्हणजे दावा नाही, असं धरून चालू नका. ईसीत नोंदवलेले दस्त दिसतात, कोर्टातला दावा दिसेलच असं नाही. मूळ कागद बँकेत ठेवून केलेलं गहाणही तिथे सापडेलच याची खात्री नाही.

म्हणून इसार देण्याआधी चार गोष्टी करा. धारवाड जिल्हा न्यायालयाच्या ई-कोर्ट्स पानावर मालकाच्या आणि आधीच्या मालकांच्या नावाने शोध घ्या. वीस लाख किंवा त्यावरच्या बँक वसुलीचे दावे कर्जवसुली न्यायाधिकरणात चालतात आणि आपल्याकडचं न्यायाधिकरण बेंगळुरूत आहे, तेव्हा तिथेही बघा. 'सरसाई' या केंद्रीय नोंदणीत गहाणाची नोंद तपासा. आणि बँकेकडून थकबाकीचं पत्र लेखी घ्या, एजंटच्या तोंडच्या आकड्यावर जाऊ नका.

नोंदीची सोय करून देणं हे सरकारचं काम आहे. ती होईपर्यंत तपासायचा सगळा भार घेणाऱ्यावरच आहे. विकणारा मूळ कागद दाखवायला टाळाटाळ करत असेल, तर किंमत कितीही कमी असो, इसाराचे पैसे खिशातच ठेवा.