शिकार, भूक आणि आपली अहिंसा



मागच्या वर्षावासात विहारात रक्ततपासणीचे शिबिर होते. रांगेतल्या एका मुलीने मोबाईलवर व्हिडिओ दाखवला. बर्फाच्या मुलखातले एक कुटुंब घरात जमिनीवर पुठ्ठा अंथरून सील कापत होते आणि लहान पोरे कच्चे तुकडे आवडीने खात होती. कुणी नाक मुरडले. एक वयस्कर उपासिका म्हणाल्या, "बाई, हे आपल्या पंचशीलात बसत नाही." आम्ही आरोग्याचे काम करणाऱ्या बाया तेव्हा गप्प बसलो. ते उत्तर आज देतो.

ती माणसे इनुइट. कॅनडाच्या उत्तर टोकाला नुनावुत हा त्यांचा प्रदेश १९९९ मध्ये स्थापन झाला. २५ वस्त्या, २०२१ च्या जनगणनेत लोक सुमारे ३७ हजार. बाहेरून तिथे जाणारा एकही रस्ता नाही. सामान येते ते विमानाने, नाहीतर उन्हाळ्यात बर्फ फुटल्यावर जहाजाने. शेत नाही, मळा नाही. म्हणून पिढ्यान्‌पिढ्या सील, व्हेल, मासे आणि कॅरिबू नावाचे हरिण हेच त्यांचे अन्न.

हे अन्न मागासलेले नाही. सीलच्या मांसात लोह भरपूर असते आणि मांसातले लोह भाजीतल्या लोहापेक्षा अंगी लवकर लागते. व्हेलच्या कातडीत 'क' जीवनसत्त्व असते. कच्ची खाल्ली की ते टिकते. त्यामुळे लिंबू-संत्रे न मिळताही हिरड्या सडवणाऱ्या स्कर्व्हीपासून हे लोक वाचले. शिवाय शिकार एका घराची नसते. म्हाताऱ्याकोताऱ्यांच्या आणि शिकारी नसलेल्या घरांतही वाटा जातो.

मग बिघडले कुठे? आधी सरकारने त्यांची भटकंती मोडून त्यांना वस्त्यांत बसवले आणि मुले निवासी शाळांत नेली. पुढे सीलच्या पांढऱ्या पिल्लांचे फोटो पाहून युरोपातल्या शहरी लोकांना दया आली. १९८३ मध्ये तिकडे पिल्लांच्या कातड्यांची आयात बंद झाली. इनुइट मुख्यतः मोठे सील मारत. कायद्यात त्यांना सूटही होती. पण सगळा बाजारच बसला, तिथे कागदावरची सूट काय कामाची? कातडे विकून जो पैसा येई, त्यातूनच पेट्रोल आणि काडतुसे येत. पैसा आटला, शिकार महागली. २००९ मध्ये युरोपने सीलच्या सर्वच वस्तूंवर बंदी आणली, पुन्हा तशीच सूट ठेवून. आज दुकानातला माल गोरगरिबांना परवडत नाही. २०१७-१८ च्या सरकारी पाहणीत नुनावुतमधल्या ५७ टक्के घरांत पुरेशा अन्नाची शाश्वती नव्हती. कॅनडासारख्या श्रीमंत देशातली ही गोष्ट आहे.

दुसरा घाव विषाचा. १९८० च्या दशकात क्युबेक प्रांताच्या उत्तरेकडील नुनाविक भागातल्या इनुइट आयांचे दूध तपासले. त्यात पीसीबी हे कारखान्यांतले रसायन दक्षिणेकडच्या आयांच्या दुधापेक्षा सुमारे पाचपट निघाले. त्या बायांनी कारखाना पाहिलाही नव्हता. वाऱ्यातून, समुद्रातून ते विष सागरी प्राण्यांच्या चरबीत साचले होते. कारखान्याची घाण सोसायची वस्तीने, हे आपल्याला नवीन नाही.

पण तिथल्या आरोग्यवाल्यांनी आयांना अंगावरचे पाजणे बंद करायला सांगितले नाही. २०१२ मध्ये नुनावुतमध्ये सल्ला दिला गेला तोही असाच. गरोदर आणि मूल होऊ शकणाऱ्या बायांनी रिंग्ड सीलचे काळीज टाळावे, कारण त्यात पारा जास्त असतो. मांस मात्र जरूर खावे, त्यात तो फार कमी असतो. आम्हाला हे शहाणपणाचे वाटते. ज्याचे अन्न आहे त्याला लाज न आणता, कोणता तुकडा खावा आणि कोणता सोडावा एवढेच सांगायचे.

आता पंचशीलाचे. बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात मारण्याची इच्छा आणि मारण्याची गरज यांत फरक केला आहे. अहिंसा हे तत्त्व आहे, आंधळा नियम नव्हे. लेकरांच्या पोटासाठी बर्फावर तासन्‌तास थांबणारा शिकारी गरजेपोटी मारतो. त्याला दुरून पापी ठरवणे ही करुणा नव्हे.

कुणी म्हणेल, बाबासाहेबांनी तर १९२७ मध्ये महाडला मेलेल्या जनावराचे मांस सोडायला सांगितले. होय, सांगितले. ते मांस जातीने आपल्या माथी मारले होते, म्हणून आपणच ते स्वाभिमानाने नाकारले. इनुइटांची शिकार त्यांच्या कसबाची आहे आणि तिच्यात त्यांचा मान आहे. काय सोडायचे, काय ठेवायचे हे आपण ठरवले, तसे त्यांनाही ठरवू द्या.

त्या शिबिरात कितीतरी बायांचे हिमोग्लोबिन कमी निघाले. त्यातल्या काहींनी सांगितले, सुकट-बोंबलाचा वास शेजाऱ्यांना येतो म्हणून करत नाही. वजडी, काळीज पोरांच्या डब्यात देत नाही. बायांनो, ज्या अन्नाने अंगात रक्त भरते त्याची लाज कसली? स्वच्छ धुवा, नीट शिजवा आणि दार उघडे ठेवून खा. आणि दुसऱ्याच्या ताटाकडे पाहून नाक मुरडण्याआधी एवढेच विचारा, या घरात आज सगळे पोटभर जेवले का?