राजू भारतन : गाण्यांचा हिशेब मागणारा चरित्रकार

लता मंगेशकर ६ फेब्रुवारी २०२२ रोजी गेल्या. त्या दिवशी वाहिन्यांवर आणि दुसऱ्या दिवशीच्या दैनिकांत त्यांच्या गाण्यांचा एक आकडा सारखा फिरत होता. कुठे पंचवीस हजार, कुठे तीस हजार, कुठे त्याहूनही जास्त. हा आकडा कोणी मोजला, हे विचारण्याची ती वेळ नव्हती, हे मान्य. पण मग वेळ कोणती? दीदी हयात असताना, त्यांच्याच मुंबईत बसून हा प्रश्न विचारणारा एक पत्रकार होता. त्यांचे नाव राजू भारतन. दीदींच्या आधी दोन वर्षे, फेब्रुवारी २०२० मध्ये, वयाची ऐंशी ओलांडलेले भारतन गेले. त्यांच्यावर दोन-चार इंग्रजी लेख आले. मराठीत आणि उर्दूत फारसे कोणी लिहिले नाही.

वास्तविक मराठी आणि उर्दू या दोन्ही भाषांवर त्यांचे ऋण आहे. ज्या गाण्यांवर आपल्या दोन पिढ्या वाढल्या, ती गाणी मराठी घरातल्या गायिकांनी आणि उर्दूच्या शायरांनी घडवली. त्या गाण्यांमागच्या माणसांना भेटून, त्यांना नको ते प्रश्न विचारून, त्याचा लेखी हिशेब या माणसाने ठेवला.

क्रिकेट, शब्दकोडी आणि गाणी

भारतन यांची हयात इंग्रजी पत्रकारितेत गेली. ‘इलस्ट्रेटेड वीकली ऑफ इंडिया’ या साप्ताहिकात ते दीर्घकाळ होते. ते क्रिकेटवर लिहीत, साप्ताहिकासाठी शब्दकोडी रचत आणि हिंदी चित्रपटसंगीतावर लिहीत. ‘इंडियन क्रिकेट : द व्हायटल फेज’ हे त्यांचे पुस्तक १९७७ चे. संगीतावरची मोठी पुस्तके मात्र उतारवयातली आहेत. ‘लता मंगेशकर : अ बायोग्राफी’ १९९५ मध्ये, ‘अ जर्नी डाउन मेलडी लेन’ २०१० मध्ये, ‘नौशादनामा’ २०१३ मध्ये आणि ‘आशा भोसले : अ म्युझिकल बायोग्राफी’ २०१६ मध्ये आले. म्हणजे शेवटची तीन पुस्तके त्यांनी पंच्याहत्तरीनंतर दिली.

ज्या काळात ते लिहू लागले तो काळही लक्षात घ्यावा लागतो. १९५२ मध्ये बाळकृष्ण केसकर माहिती व प्रसारण मंत्री झाले आणि आकाशवाणीवरून चित्रपटगीते जवळपास हद्दपार झाली. लोक रेडिओ सिलोनकडे वळले, अमीन सायानींची ‘बिनाका गीतमाला’ घराघरांत गेली. शेवटी १९५७ मध्ये सरकारला विविध भारती सुरू करावी लागली. शासन ज्या संगीताला हलके समजत होते आणि शास्त्रीय संगीताचे समीक्षक ज्याकडे ढुंकूनही पाहत नव्हते, ते संगीत गांभीर्याने लिहिण्याजोगे आहे असे मानणारे लोक तेव्हा मोजके होते. इंग्रजीत भारतन होते. मराठीत पुढे शिरीष कणेकरांनी ‘गाये चला जा’ लिहिले. दोघांचेही प्रेम क्रिकेट आणि सिनेसंगीत यांत वाटलेले, हा निव्वळ योगायोग नसावा. मुंबईच्या मध्यमवर्गाचे ते दोन मोठे शौक होते.

पाचवीच्या वर्गातले गणित

आता त्या आकड्याकडे येऊ. १९७४ च्या गिनीज बुकात लतादीदींच्या नावावर सर्वाधिक ध्वनिमुद्रणांचा विक्रम नोंदवला गेला. १९४८ ते १९७४ या काळात पंचवीस हजार गाणी, असा तो दावा होता. मोहम्मद रफींनी त्याला हरकत घेतली. गिनीजशी त्यांचा पत्रव्यवहार झाला. १९८० मध्ये रफी गेले. नंतरच्या आवृत्तीत लतादीदींचा विक्रम तसाच ठेवून रफींच्या अठ्ठावीस हजारांच्या दाव्याचाही उल्लेख झाला आणि १९९१ मध्ये ती नोंदच काढून टाकण्यात आली.

हा आकडा तपासायला संशोधक लागत नाही. पाचवीच्या मुलालाही हे गणित जमेल. सव्वीस वर्षांत पंचवीस हजार म्हणजे वर्षाला साडेनऊशेहून जास्त गाणी, म्हणजे एकही सुट्टी न घेता रोज अडीच गाणी. त्या काळात वर्षाला साधारण शंभर-सव्वाशे हिंदी चित्रपट निघत. एका चित्रपटात सात-आठ गाणी धरली, तर वर्षाची सगळी गाणी मिळून हजाराच्या आत-बाहेर होतात. हा आकडा खरा मानायचा तर रफी, मुकेश, तलत, किशोर, गीता दत्त, आशा या सगळ्यांची गाणीही दीदींच्याच खात्यावर मांडावी लागतील. इतर भाषांतली आणि चित्रपटाबाहेरची गाणी मिळवली तरी मेळ बसत नाही. रफींच्या अठ्ठावीस हजारांनाही हेच गणित लागू आहे.

भारतन यांनी हा फुगा फोडला. कानपूरच्या हरमंदिर सिंग ‘हमराज’ यांनी ‘हिंदी फिल्म गीत कोश’ तयार करताना दशकावार एकेका चित्रपटाची, एकेका गाण्याची नोंद केली. त्यातून जी मोजणी समोर आली ती दोघांनाही जमिनीवर आणणारी होती. दीदींची हिंदी चित्रपटगीते पाच हजारांच्या आसपास आणि रफींची त्याच घरातली.

यात दीदींचा अपमान कुठे होतो? पाच हजार गाणी ही काय थोडी झाली? पण आपल्याकडे भक्ताला खरा आकडा पुरत नाही. त्याला चमत्कार लागतो. चरित्रकार मोजायला बसला की तो शत्रू ठरतो. १९९५ चे लता-चरित्र ही आरती नव्हती, आणि आरती नसलेले पुस्तक आपल्याकडे टीकाच समजली जाते.

हीच गोष्ट रॉयल्टीच्या वादाची. साठच्या दशकात दीदींनी गायकांना रॉयल्टी मिळावी अशी मागणी केली. गाणे गायले, मेहनताना मिळाला, व्यवहार संपला, अशी रफींची भूमिका होती. त्यावरून दोघांनी काही वर्षे एकत्र गाणे बंद केले. आमच्या मोहल्ल्यात या किश्श्यातून रफींचा साधेपणा आणि दीदींचा हिशेबीपणा सिद्ध केला जातो. मला तसे वाटत नाही. रफींच्या आवाजावर माझी जान आहे, पण त्या वादात दीदी बरोबर होत्या. २०१२ च्या कॉपीराइट कायद्यातील दुरुस्तीने गीतकार-संगीतकारांबरोबर गायकांचाही हक्क मान्य केला. रफी आपले म्हणून त्यांचे प्रत्येक मत बरोबर मानायचे, तर लताभक्तांना नावे ठेवण्याचा हक्क आपल्याला राहत नाही.

नौशाद म्हणजे प्रमाणपत्र नव्हे

माझ्या दृष्टीने भारतन यांचे सगळ्यात महत्त्वाचे पुस्तक ‘नौशादनामा’. त्याचे कारण सांगतो.

दरवर्षी एकात्मतेच्या कार्यक्रमांत एक उदाहरण हमखास दिले जाते. ‘बैजू बावरा’ (१९५२) मधले मालकंसातले भजन. लिहिणारे शकील बदायुनी, संगीत नौशाद यांचे, गाणारे मोहम्मद रफी. तिघेही मुसलमान. टाळ्या पडतात, वक्ता पुढच्या मुद्द्याकडे वळतो. हे उदाहरण मीही वर्गात दिले आहे आणि पुढेही देईन, कारण ते खरे आहे. पण त्या टाळ्यांत नौशाद कुठे असतात? त्यांनी त्या चित्रपटासाठी उस्ताद अमीर खाँ आणि पंडित द. वि. पलुस्कर यांना जुगलबंदीसाठी एकत्र आणले. सामान्य प्रेक्षकाला झेपेल इतक्या वेळात राग बसवला. पहिल्याच फिल्मफेअर सोहळ्यात त्यांना याच चित्रपटासाठी सर्वोत्कृष्ट संगीतकाराचा मान मिळाला. यातले काहीही त्या भाषणात येत नाही. आरती कलावंताला देव करते आणि असे भाषण त्याला पुरावा करते. दोन्हीकडे त्याचे काम झाकले जाते.

भारतन यांचे नौशाद कामाचा माणूस आहेत. १९१९ मध्ये लखनौत जन्मलेले, घरच्यांचा विरोध पत्करून १९३७ मध्ये मुंबईला आलेले. ‘रतन’ (१९४४) च्या गाण्यांनी त्यांचे नाव गल्लोगल्ली झाले. नौशादसाहेब स्वतः एक किस्सा सांगत. त्यांच्या लग्नात बँडवाले ‘रतन’चीच गाणी वाजवत होते, पण सासरच्यांना नवरदेव मुंबईत दर्जी आहे असे सांगण्यात आले होते! ज्या समाजात शिंपी असणे इज्जतीचे आणि गाणेबजावणे शरमेचे, त्यातून हा माणूस वर आला. एकात्मतेच्या भाषणात हा किस्सा कोणी सांगत नाही, कारण तो आपल्यालाच टोचतो.

नौशादांचे यश सांगायचे तर गुलाम मोहम्मद यांचे नाव घ्यावे लागते. ते अनेक वर्षे नौशादांचे सहायक होते. स्वतंत्रपणे त्यांनी ‘मिर्झा गालिब’ (१९५४) केला, त्यासाठी राष्ट्रीय सन्मान मिळवला. ‘पाकीजा’ची गाणी बांधली आणि चित्रपट पडद्यावर येण्याच्या चार वर्षे आधी, १९६८ मध्ये, ते वारले. उरलेले काम आणि पार्श्वसंगीत नौशादांनी पूर्ण केले. फिल्मफेअर मिळाले ते ‘बेईमान’च्या संगीताला. गुलाम मोहम्मद यांच्यावर अन्याय झाला म्हणून प्राण यांनी त्याच चित्रपटातल्या भूमिकेसाठी मिळालेला आपला पुरस्कार नाकारला. आज ‘पाकीजा’ म्हटले की मीनाकुमारी आठवतात, लता आठवतात. गुलाम मोहम्मद कितींना आठवतात? चरित्रकाराची गरज असते ती अशा नावांसाठी.

दोषही सांगितले पाहिजेत

ज्या माणसाने कोणाची आरती केली नाही, त्याची आपण करणे बरोबर नाही. भारतन यांचे लेखन वाचणे सोपे नाही. शब्दकोडी रचणाऱ्याचा हात लेखनातही दिसतो. कोटीवर कोटी, नावांशी खेळ, एका वाक्यात चार चित्रपट. वाचक कधी कधी गाण्यापेक्षा लेखकाच्या हुशारीकडेच पाहत राहतो.

दुसरा दोष जास्त गंभीर आहे. चाळीस-पन्नास वर्षांपूर्वीची संभाषणे ते अवतरणचिन्हांत देतात. ती टिपलेली आहेत की आठवलेली, हे वाचकाला कळायला मार्ग नसतो. तलत महमूद यांनी नौशादांसमोर सिगारेट ओढली आणि म्हणून रफींचे नशीब उघडले, असा किस्सा सिनेवर्तुळात वर्षानुवर्षे सांगितला जातो. असे किस्से गोड असतात, पण ‘बैजू बावरा’च्या पल्लेदार चालींना कोणता गळा पेलणार होता, हे कारण सिगारेटपेक्षा मोठे नाही काय? किस्सा इतिहासाची जागा घेऊ लागला की चरित्रकाराने थांबले पाहिजे. भारतन दरवेळी थांबले नाहीत. गायिकांच्या खासगी आयुष्याबद्दल लिहिताना तर नाहीच. ओ. पी. नय्यर यांनी लतादीदींकडून एकही गाणे गाऊन घेतले नाही आणि तरीही ते यशाच्या शिखरावर राहिले, ही संगीताच्या इतिहासातली बाब आहे. कोणाचे कोणाशी काय होते, ही तितक्या पानांची बाब नाही.

तरीही तराजूत त्यांचे काम जड भरते. कारण ते तिथे होते. अनिल विश्वास, सी. रामचंद्र, नौशाद, मदनमोहन, नय्यर यांच्या काळात ते वावरले. ती माणसे आज नाहीत. भारतन यांच्या आठवणी तपासून घ्याव्या लागतील, पण तपासायला काहीतरी आहे ते त्यांच्यामुळेच.

आपण काय करायचे?

मी उर्दू माध्यमाच्या मुलांना मराठी आणि उर्दू शिकवतो. ‘हे गाणे कोणाचे?’ असे वर्गात विचारले की मुले नटाचे नाव सांगतात. फार तर गायकाचे. गीतकार आणि संगीतकार त्यांना माहीतच नसतात, कारण मोबाइलवर गाणे लागते तेव्हा ती नावे दिसतच नाहीत. यात मुलांचा काय दोष? शकील, साहिर, मजरूह यांची भाषा आपण त्यांना पाठ्यपुस्तकात शिकवतो आणि त्याच भाषेतले गाणे त्यांच्या कानावर बेवारस होऊन पडते.

मराठीत या विषयावर लिहिणारे झाले. इसाक मुजावर यांनी आयुष्यभर सिनेमावर मराठीत लिहिले. शशिकांत किणीकरांचे ‘दास्तान-ए-नौशाद’ मराठीत आहे. सी. रामचंद्र यांनी ‘माझ्या जीवनाची सरगम’ लिहून स्वतःच आपली बाजू मांडली. पण गोव्याहून आलेले सेबॅस्टियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस यांसारखे अरेंजर, स्टुडिओत आयुष्य घालवलेले सारंगिये आणि तबलजी, गावोगावचे कव्वाल आणि बँडवाले यांच्यावर मराठीत किती पाने आहेत? अरेंजर आणि वादकांवरचे ‘बिहाइंड द कर्टन’ लिहायला ग्रेगरी बूथ हा परदेशी अभ्यासक यावा लागला.

हे काम विद्यापीठांनीच करावे असे नाही. प्रत्येक जिल्ह्यात एखादा म्हातारा वादक असतो. त्याच्याकडे वही घेऊन जावे, तारीख विचारावी, फोटो मागावा. तो जे सांगेल ते दुसऱ्याकडून पडताळून घ्यावे, आणि ते पडताळता आले नाही तर तसे लिहावे. त्याला देव करू नये, आपल्या समाजाचा पुरावाही करू नये. त्याने काय वाजवले, कसे वाजवले, किती पैसे मिळाले आणि नाव कुठे छापले नाही, एवढे लिहिले तरी पुष्कळ झाले.