वाडी पाहणारे आणि वाडीत राहणारे

रविवारी सकाळी गिरगावातील खोताच्या वाडीत शिरावे, तर पंधरा-वीस जणांचा एखादा घोळका हटकून भेटतो. पायांत बूट, पाठीला पिशवी, गळ्यात कॅमेरा. पुढे मार्गदर्शक. तो थांबला की घोळका थांबतो, त्याने बोट वर केले की साऱ्यांच्या माना वर होतात. लाकडी जिना, नक्षीदार कठडा, कौलारू छप्पर, दारापुढचा ओटा हे सारे टिपले जाते. दीड-दोन तासांत फेरी आटोपते आणि मंडळी नाश्त्याच्या शोधात निघून जातात. ओट्यावर वर्तमानपत्र वाचत बसलेला म्हातारा या साऱ्यांच्या छायाचित्रांत असतो. त्याचे नाव मात्र त्यांतील कोणी विचारलेले नसते.

अशा फेऱ्यांना नावे ठेवण्याचे कारण नाही. ‘बॉम्बे हेरिटेज वॉक्स’ १९९९ मध्ये सुरू झाले, ‘खाकी टूर्स’ २०१५ मध्ये. अशा उपक्रमांनी मुंबईकराला मुंबईच्या रस्त्यांवरून चालायला लावले, हे ऋण मान्यच केले पाहिजे. पॅरिसच्या गल्ल्यांतून मार्गदर्शकामागे निमूटपणे चालून आलेल्या आणि झावबाची वाडी कोठे आहे हे ठाऊक नसलेल्या मराठी माणसाने तर त्यांना दोष देण्याच्या भानगडीत पडूच नये. प्रश्न आहे तो या फेऱ्यांत काय सांगितले जाते आणि काय सांगायचे राहून जाते याचा.

अशा परिसराच्या वर्णनात ‘बहुसांस्कृतिक’ हा शब्द हटकून येतो. शब्द आयात केलेला आहे आणि त्याबरोबर त्याच्या मूळ भूमीचा अनुभवही नकळत आयात होतो. लंडनच्या ब्रिक लेन भागाचेच उदाहरण घ्यावे. पायी फेऱ्यांसाठी जगभर नावाजलेला हा परिसर. तेथे १७४३ मध्ये फ्रान्समधून आलेल्या ह्यूगेनॉट निर्वासितांनी एक प्रार्थनागृह बांधले. पुढे ते मेथॉडिस्ट पंथीयांकडे गेले. १८९८ मध्ये तेथे ज्यूंचे सिनेगॉग झाले आणि १९७६ पासून तेथे बांगलादेशी मुसलमानांची मशीद आहे. एकाच वास्तूत एकामागून एक इतके उपासक नांदले, ही गोष्ट अभिमानाने सांगितली जाते. ती रंजक आहे, यात शंका नाही. पण जरा थांबून विचार केला तर ध्यानात येते की ही सहजीवनाची कथा नसून स्थलांतराची कथा आहे. एक समाज उठून गेला, तेव्हा दुसऱ्याला जागा मिळाली.

गिरगावची गोष्ट याहून वेगळी आहे. येथे पोर्तुगीज चर्च म्हणून ओळखले जाणारे सेंट तेरेसा चर्च १७७३ पासून आहे. त्याच्यापासून थोड्याच अंतरावर ठाकूरद्वारचे गोरा राम आणि काळा राम आहेत, फणसवाडीत दाक्षिणात्य धाटणीचे बालाजी मंदिर आहे आणि १८६७ मध्ये स्थापन झालेल्या प्रार्थना समाजाचे मंदिरही आहे. कोणा एकाच्या जाण्यामुळे दुसऱ्याला जागा झाली नाही. सारे एकाच वेळी येथे होते आणि आहेत. केशवजी नाईक चाळीत १८९३ मध्ये सार्वजनिक गणेशोत्सव सुरू झाला, तेव्हा चर्चची घंटा वाजायची थांबली नाही आणि आरतीचा आवाजही कोणी दाबला नाही. याला मराठीत जुना शब्द आहे, शेजार.

खोताची वाडी हे तर या शेजाराचे सर्वांत सुबक उदाहरण. जमीन पाठारे प्रभू खोताची. अठराव्या शतकाच्या अखेरीस त्याने तिचे तुकडे ईस्ट इंडियन कुटुंबांना विकले आणि त्यांनी तेथे घरे बांधली. हे ईस्ट इंडियन म्हणजे कोण, हे फेरीतल्या पाहुण्याला सहसा पुरते उमगत नाही. नावामुळे त्याला वाटते, कोणी परदेशी वंशाचे लोक असावेत. वस्तुतः हे उत्तर कोकणचे, वसई-साष्टी-मुंबईचे मूळ रहिवासी. पोर्तुगीज अमदानीत त्यांचे पूर्वज ख्रिस्ती झाले. १८८७ मध्ये, व्हिक्टोरिया राणीच्या राज्यारोहणाच्या सुवर्णमहोत्सवी वर्षी, गोव्याहून आलेल्या ख्रिस्ती बांधवांपासून आपली वेगळी ओळख राहावी म्हणून त्यांनी हे नाव घेतले. बोली मात्र मराठीच राहिली. वृद्ध स्त्रियांचे लुगडे राहिले, लग्नाआधी वाजतगाजत विहिरीवर जाऊन ‘उंबराचे पाणी’ आणण्याची चाल राहिली, लग्नातली मराठी गाणी राहिली. उपासनापद्धती बदलली म्हणून माणसाचे सारे सांस्कृतिक संचित पुसले जात नाही, याचा याहून बोलका पुरावा शोधायला दूर जाण्याची गरज नाही. मार्गदर्शकाने ‘पोर्तुगीज शैलीची घरे’ एवढेच सांगून पुढे जावे, हे म्हणूनच खटकते. घराची शैली सांगितली जाते आणि घरातल्या माणसाची भाषा सांगायची राहून जाते.

अर्थात गिरगावचे सारेच गोड होते असे म्हणणे हाही अन्यायच. वाड्यांना आणि चाळींना जातींची अदृश्य कुंपणे होती. कोणाला खोली मिळे आणि कोणाला ‘जागा नाही’ असे उत्तर मिळे, हे आडनावावर ठरत असे. फेरीत तेही सांगितले जावे. दोष झाकून सांगितलेला वारसा ही निव्वळ जाहिरात होय.

त्याहून महत्त्वाची गोष्ट निराळीच आहे. गिरगावात वैभवशाली वास्तू होत्या त्यांचे काय झाले, हे आठवून पाहावे. ३ मे १९१३ रोजी दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ कॉरोनेशनमध्ये लागला. १४ मार्च १९३१ रोजी पहिला भारतीय बोलपट ‘आलम आरा’ मॅजेस्टिकमध्ये झळकला. भारतीय चित्रपटसृष्टीचे हे दोन्ही जन्मक्षण गिरगावचे. आज यांपैकी एकही चित्रपटगृह उभे नाही. मॅजेस्टिकच्या जागी व्यापारी संकुल आहे. खोताच्या वाडीत एकेकाळी ६५ घरे होती असे सांगतात, त्यांतील निम्मीही आता उरलेली नाहीत. ज्या खाणावळीत मासळी खाण्यासाठी साहित्यिक आणि नट रांग लावत, ते अनंताश्रम केव्हाच बंद झाले. बृहन्मुंबईसाठी वारसा नियमावली १९९५ मध्ये झाली, देशात अशी पहिलीच. तीस वर्षांत तिने कागदावर पुष्कळ जपले. पण घराची मालकी, डागडुजीचा खर्च आणि जमिनीचा भाव या तिन्ही गोष्टी नियमावलीच्या बाहेर राहिल्या आणि घरे याच तीन गोष्टींमुळे पडतात.

चाळींचे दुखणे तर आणखी जुने. १९४७ च्या भाडे नियंत्रण कायद्याने भाडी गोठली. भाडेकरूला संरक्षण मिळाले ते योग्यच, पण मालकाला दुरुस्तीत रस उरला नाही. मग १९६९ मध्ये उपकर आला, दुरुस्ती मंडळ आले, जिन्यांना टेकू लागले, आणि टेकूंना पुन्हा टेकू. पाहुण्याला हा टेकूही चित्रमय वाटतो! ज्याच्या डोक्यावरचे छत गळते आणि ज्याच्या आईला रात्री सामायिक शौचालयापर्यंत काठी टेकत जावे लागते, त्याने आमच्या कॅमेऱ्यासाठी तसेच राहावे, असे म्हणण्याचा अधिकार कोणाला आहे? पुनर्विकास हवाच. वाद त्यानंतर तेथे कोण राहणार याचा आहे.

नियम भाडेकरूला त्याच जागी किमान ३०० चौरस फुटांचे घर देतो. परंतु काम वर्षानुवर्षे रखडते, संक्रमणाची घरे दूर मिळतात, भाड्याचा धनादेश थकतो, मुलांची शाळा बदलते. दहा वर्षांनी इमारत उभी राहते तेव्हा म्हातारी माणसे गेलेली असतात आणि मुलांनी डोंबिवलीत किंवा विरारला संसार थाटलेला असतो. नव्या इमारतीचा मासिक देखभाल खर्च हा वेगळाच धक्का. खोली विकून मोकळे होणे मग शहाणपणाचे वाटू लागते. यात कोणी कोणाला हाकलले असे दाखवता येत नाही, तरी वाडी रिकामी होते. ब्रिक लेनमध्ये समाज गेला आणि दुसरा समाज आला. येथे समाज जातो आणि त्याच्या जागी पैसा येतो, ज्याला ना आरती आहे ना घंटा.

हे टळू शकते. वरळीच्या बीडीडी चाळींतील पहिल्या ५५६ कुटुंबांना ऑगस्ट २०२५ मध्ये त्याच आवारात नव्या घराच्या किल्ल्या मिळाल्या. ती सरकारची जमीन होती, गिरगावात मालक खासगी आहेत, हा फरक मोठा आहे हे खरे. तरी ‘त्याच जागी आणि वेळेत’ ही मागणी अशक्यकोटीतील नव्हे, एवढे तरी तेथे दिसले.

वारसा फेऱ्या काढणाऱ्यांना घरे वाचवता येणार नाहीत आणि तशी अपेक्षाही गैर आहे. पण फेरी मराठीतही निघावी, मार्गदर्शक वाडीतलाच मुलगा किंवा मुलगी असावी, आणि शुल्कातला काही भाग कौले बदलण्यासाठी वाडीतच राहावा, हे तर त्यांच्या हातात आहे. गिरगाव-दादर-परळच्या शाळांनी वर्षातून एक दिवस मुलांना या वाड्यांतून चालवत नेले, तर त्यासाठी कोणाच्या परवानगीची गरज नाही. लालबाग-परळच्या गिरण्यांची जी गत झाली तिचा धडा ताजा आहे. १८ जानेवारी १९८२ च्या संपानंतर तेथील चिमण्या एकेक करून गेल्या, आणि गिरणगाव म्हणजे काय हे आता नातवंडांना छायाचित्र दाखवून सांगावे लागते.

ऑक्टोबर २०२५ पासून भुयारी मेट्रो गिरगावात थांबते. तिच्या कामासाठी काही जुन्या इमारती आणि त्यांतली बिऱ्हाडे हलली. आता स्थानकातून वर आले की अनोळखी माणूस रस्त्याचे नाव शोधत उभा राहतो. गुढीपाडव्याच्या शोभायात्रेला मात्र डोंबिवली-विरारहून आलेले जुने गिरगावकर नऊवारी आणि फेटे सावरत त्याच स्थानकातून बाहेर पडतात. त्यांना वाट विचारावी लागत नाही. ते थेट आपल्या वाडीच्या तोंडाशी जातात आणि पूर्वी आपले दार नेमके कोठे होते, हे पत्र्याच्या कुंपणापाशी उभे राहून मुलांना दाखवतात.